गुरुवारचं भांडण

"तुमच्या लॅपटॉपवर एक मेलेलं सॉफ्टवेअर अजून चालू आहे," तपासनीस बाई फोनवर म्हणाल्या, आणि मुंगीच्या हातातला चहा बशीत सांडला. बाई नव्या नोकरीतल्या होत्या. एका मोठ्या हॉस्पिटलच्या संगणक विभागात मुंगी सोमवारी रुजू होणार होती, आणि तिथला नियम असा की स्वतःचा लॅपटॉप आणायचा तर आधी त्याची तपासणी करून घ्यायची. ती बाईंनी काल दुरूनच केली होती. बाकी सगळं ठीक आहे, त्या सांगत होत्या, पण कुठल्या तरी बंद पडलेल्या कंपनीचा एक प्रोग्राम लॅपटॉप सुरू झाला की उठून बसतो, आपल्या सर्व्हरला हाका मारतो, तो सर्व्हर तर या जगात नाही, मग दमून गप्प होतो. असं उघडं दार हॉस्पिटलला चालत नाही. सोमवारच्या आत मुळासकट काढा, ऑनलाइन खात्यांमधूनसुद्धा, नाहीतर तुमची सुरुवातच लांबेल. मग जरा थांबून त्या म्हणाल्या, "त्याचं नाव गुंडा असं दिसतंय. हे काय आहे, माहीत आहे का तुम्हाला?" मुंगी म्हणाली, माहीत आहे. ते मीच लिहिलंय, हे काही तिनं सांगितलं नाही. सांगायला हरकत नव्हती. पण सांगताना आवाजाचं काय होईल याचा तिला भरवसा वाटेना, आणि नव्या माणसांपुढे पहिल्याच फोनवर आवाज हलावा अशी तिची इच्छा नव्हती.

खिडकीपाशी आई विणत बसली होती. तिचे कान अजून तिखट होते. "कोण मेलं?" तिनं सुया न थांबवता विचारलं. सॉफ्टवेअर, मुंगी म्हणाली. "अगं बाई. कुणाचं?" आपलंच, मुंगी म्हणाली, आणि मग दोघींनाही हसू आलं, कारण आई जे विणत होती त्याचा नमुना त्याच मेलेल्या गुंड्यानं काढलेला होता, कागदावर छापून घेतलेला, चहाचे डाग पडलेला, पण अजून बिनचूक.

मुंगी हे काही तिचं खरं नाव नव्हे. ते झिपरीनं ठेवलेलं, आपल्यापेक्षा मोठा कण ओढत नेणारी म्हणून. आणि ते इतकं बसलं की आईसुद्धा तिला त्याच नावानं हाक मारायला लागली. झिपरी म्हणजे मैत्रीण, आणि पुढे भागीदार. तिच्या केसांवरून मुंगीनं परतफेड केली होती. त्या केसांत दोन सुया आणि एक पेन्सिल कायम असायची, आणि एकदा चमचाही निघाला होता, जो दोघींनी आठवडाभर शोधला होता. गुंडा हे लोकरीच्या गुंड्यावरून दिलेलं नावही झिपरीचंच. कुठलाही फोटो द्यावा, मांजराचा, नातवाचा, डोंगराचा, आणि गुंड्यानं त्याचे चौकोन पाडून विणणाऱ्याला सांगावं की कुठल्या ओळीत कुठला रंग, कुठे उलट, कुठे सुलट. चित्रांची बाजू झिपरीची, प्रोग्रामची मुंगीची. दोघींची मिळून कंपनी होती, म्हणजे एका लाँड्रीच्या वरची एक खोली, दोन टेबलं आणि एकदा उघडली की बंद न होणारी एक खिडकी. खालून वाफ यायची. थंडीत फरशी अशी उबदार व्हायची की दोघी चपला काढून टेबलाखाली पाय पसरून काम करायच्या, आणि उन्हाळ्यात त्याच फरशीला शिव्या घालायच्या. नव्या गिऱ्हाइकाला पहिलं पत्र जायचं ते 'गुंडा तुमच्या घरी यायला निघाला आहे' असं. एका आजोबांनी ते वाचून शेजारीपाजारी गोळा केले होते. मुंगीनं घाबरून ते वाक्य बदलायला घेतलं, तर झिपरी म्हणाली, बदललंस तर मी आज जेवणार नाही. वाक्य राहिलं. कंपनी मात्र राहिली नाही. चार वर्षांपूर्वी ती बंद झाली तेव्हा मुंगीनं डोळे मिटून गुंड्याचं आयकॉनचं चित्र लॅपटॉपवरच्या कचऱ्याच्या डब्यात टाकलं होतं आणि आपल्या परीनं विषय संपवला होता. सुंभ जळला तरी पीळ जात नाही, हे तिला ठाऊक होतं. ते संगणकालाही लागू आहे हे आज कुणीतरी फोन करून सांगावं लागलं.

लॅपटॉप मांडीवर घेऊन ती उन्हात बसली. शनिवारची सकाळ होती, समोरच्या इमारतीत कुणीतरी गालिचा झटकत होतं, आणि मनात नसताना तिला उत्साह आला. कपाट भिंतीपासून ओढून मागचं झाडायला घेतल्यावर येतो तसा. घाणेरडं काम, पण मागे काय काय सापडेल याची हाव. पहिल्यांदा तो पहाटपाखरू प्रोग्राम शोधला, लॅपटॉप उघडताच उठून सर्व्हरला हाका मारणारा. तो तिनंच लिहिलेला, आणि तेव्हा फार अभिमानानं; सर्व्हर सापडला नाही तर हार मानायची नाही, थोडं थांबून पुन्हा विचारायचं, असं तिनं त्याला शिकवलं होतं. कुणीही उत्तर देत नसताना चार वर्षं रोज तो विचारत होता. तिला त्याची कीव आली आणि थोडी स्वतःचीही, कारण शिकवणारी तीच. तिनं त्याला थांबवलं. मग आत, जिथे माणसं सहसा जात नाहीत अशा एका फोल्डरमध्ये, गुंड्याच्या सूचनांची फाइल निघाली. पडद्यावर यायच्या त्या सगळ्या छोट्या ओळी. मुंगीनं मुळात लिहिलं होतं, 'त्रुटी. फाइल वाचता येत नाही.' झिपरीनं ते खोडून लिहिलं होतं, 'ही फाइल वाचता येत नाहीये. तुमची चूक नाही.' प्रत्येक सूचनेच्या शेवटी, अगदी प्रत्येक, 'तुमची चूक नाही.' त्यावर त्यांचा केवढा वाद झाला होता. कधीकधी त्यांचीच चूक असते गं, मुंगी म्हणायची. असते, झिपरी म्हणायची, पण काही बिघडलं की या बायका आधी स्वतःलाच बोल लावतात, मग नवरा लावतो, मग मुलगा येऊन लावतो. निदान मशीननं तरी लावू नये. मुंगीनं ती फाइल वरपासून खालपर्यंत वाचली. इतक्या वेळा तुमची चूक नाही, तुमची चूक नाही असं वाचल्यावर माणसाला सकाळी सकाळी बरं वाटतंच. मग तिनं ती पुसून टाकली, आणि पुसताना दोष कुणालाच दिला नाही.

ब्राउझरमध्ये गुंड्याचं एक बटण कोपऱ्यात लपून बसलं होतं. ते गेलं. फोटोंच्या खात्यात गुंड्याला सगळे फोटो पाहायची परवानगी होती, तीही गेली. पण त्याआधी त्यानं बाजूला काढून ठेवलेले फोटो तिला दिसले आणि ती जोरात हसली. आईनं मान वर केली. तिसरी बाही, मुंगी म्हणाली, आणि आईलाही हसू फुटलं, कारण त्या प्रकरणात तीही होती. झालं होतं असं की एकदा मुंगीनं मोजमापाचा हिशेब सुधारायला घेतला आणि सुधारता सुधारता स्वेटरच्या नमुन्यात एक बाही वाढवून ठेवली. उजवी बाही, डावी बाही, आणि मग शांतपणे, काही न लपवता, तिसरी बाही. गंमत अशी की कुणी तक्रार केली नाही. बायकांनी ती विणली. नमुन्यात आहे म्हणजे असणारच, पुढे कुठेतरी उलगडा होईल, अशा श्रद्धेनं विणली. खुद्द आईनं अर्धी विणून झाल्यावर फोन करून विचारलं की अगं, ही कुणासाठी? तेव्हा कुठे दोघींना पत्ता लागला. झिपरी फरशीवर बसून हसली, मग आडवी होऊन हसली, पाय आपटून हसली, तेव्हा खालचे लाँड्रीवाले काका वर आले आणि दारातून म्हणाले, "पोरींनो, वर कुणी पडलं का?" दोघींनी माफीचं पत्र पाठवलं, आणि उत्तरादाखल फोटो आले. एका नर्सबाईंनी तिसरी बाही गरम पाण्याच्या पिशवीला घातली होती. एका आगगाडीच्या ड्रायव्हरनं, जो रात्रपाळीच्या मधल्या वेळात विणायचा, ती आपल्या म्हाताऱ्या कुत्र्याला घातली होती, आणि कुत्रा मोठ्या रुबाबात बसला होता. एका बाईंनी लिहिलं होतं की माझ्या दोन्ही मुलांची रस्त्यात भांडणं होतात, तेव्हा दोघांचा एकेक हात दोन्हीकडून तिच्यात घालते, मग हात सोडवता येत नाही आणि भांडायला मजाही येत नाही. झिपरीनं तो फोटो मोठा करून भिंतीवर लावला होता. मुंगी त्या फोटोकडे पाहत राहिली. हे एकटीनं हसायचं हसू नव्हतं. त्याला दुसरीकडून आवाज यावा लागतो, आणि तो येत नव्हता.

नवी नोकरी मिळाल्याचं पत्र आलं तेव्हासुद्धा असंच झालं होतं. पहिल्यांदा आईला सांगायच्या आधी तिच्या बोटांनी झिपरीचा नंबर काढला होता. मग बोटं थांबली. काय म्हणून करायचा फोन? काम काय? दोघीही त्या जातीच्या, नळ गळायला लागल्याशिवाय प्लंबरला आणि काम असल्याशिवाय माणसाला फोन न करणाऱ्या. आई नेहमी म्हणायची की कामाशिवाय फोन केला तर तुम्हाला तुरुंगात टाकतात का? तिला झिपरी हवी होती, इतकं सरळ होतं ते. भागीदार म्हणून नको, गुंडा पुन्हा उभा करायला नको, नुसतीच हवी होती. पण नुसतंच हवं असणं म्हणजे काही काम नव्हे, आणि चार वर्षं दर वेळी तिथेच घोडं अडत होतं.

मग ती कॅलेंडरपाशी आली, आणि तिथे तिनं हात आखडता घेतला. तिला ठाऊक होतं तिथे काय आहे. दर गुरुवारी चार वाजता तिचा फोन दोनदा थरथरायचा आणि पडद्यावर यायचं: 'भांडण. पंधरा मिनिटं.' हीही कंपनीचीच पद्धत. सुरुवातीच्या दिवसांत दोघी येता जाता भांडायच्या, रंगांवरून, स्वल्पविरामावरून, खिडकीवरून, आणि कामाचा बट्ट्याबोळ व्हायचा. तेव्हा झिपरीनं तोडगा काढला की भांडणाला वेळ द्यायची. मधे काही खटकलं तर गिळायचं आणि गुरुवारपर्यंत ठेवायचं. चार वाजले की पेन खाली, चहा समोर, आणि सुरू. सुरुवात पाळीपाळीनं, मागच्या आठवड्यात जिनं केली तिनं या आठवड्यात करायची नाही. अर्ध्याअधिक वेळा गुरुवार येईतो काय खटकलं होतं तेच आठवायचं नाही, आणि मग उगाच पंधरा मिनिटं भरायची म्हणून जुनी भांडणं उकरून काढावी लागायची. ती पंधरा मिनिटं आठवड्यातली सगळ्यात चांगली असायची. नंतरच्या नोकऱ्यांत तिच्या फोनवर ते वाजलं की शेजारचे बिचकून बघायचे. एका साहेबानं विचारलंही होतं की कुणाशी? जुनी मीटिंग आहे, तिनं सांगितलं होतं. काढून टाकणं एका बोटाचं काम होतं. चार वर्षांत तिनं ते बोट उचललं नव्हतं.

आता ते कॅलेंडरमधून काढायला गेली तर ते निघेना. हे इथून पुसता येत नाही, लॅपटॉप म्हणाला; हे गुंड्याच्या मूळ खात्यातून येत आहे. म्हणजे शेवटी सगळी वाट तिकडेच जात होती. सर्व्हर केव्हाच बंद झाला होता, पण मूळ खातं एका बड्या कंपनीच्या फुकट कोपऱ्यात पडून राहिलं होतं, फोटो, पत्रं आणि गुरुवारांसकट. ते गेलं की दोघींच्याही यंत्रांतून उरलंसुरलं सगळं गेलं. पासवर्ड तिला पाठ होता. आत गेली, 'खातं कायमचं काढून टाका' शोधलं, आणि दाबलं. पडद्यावर झिपरीचे शब्द आले: 'एकीचा होकार मिळाला. दुसरीची वाट पाहत आहे.'

विसरली होती असं नाही. ही दोन होकारांची पद्धत मुंगीच्याच एका प्रतापातून आलेली. झिपरीनं पक्ष्यांच्या पंखांचे नमुने हातानं काढले होते, कितीतरी दिवस खपून, आणि मुंगीनं जागा करायची म्हणून ते जुन्या नकला समजून पुसून टाकले. झिपरीनं संध्याकाळपर्यंत नुसत्या पेन्सिली टोकल्या. मग पिशवी उचलताना म्हणाली की यापुढे या घरातून काहीही बाहेर जाईल ते दोघींनी हो म्हटल्यावर. मुंगीनं त्याच रात्री तसा प्रोग्राम लिहिला. काहीही कायमचं करायचं तर एकीनं दाबायचं, दुसरीला तिच्या फोनवर कळायचं, आणि तिनं दाबलं तरच व्हायचं. ही पद्धत दोघींना इतकी आवडली की गिऱ्हाइकांना जाणारी पत्रंही त्यातूनच जायला लागली. शेवटचं पत्रही त्यातूनच गेलं. एका दांडग्या कंपनीनं तीच गोष्ट फुकट द्यायला सुरुवात केली होती, आणि दोघींनाही दिसत होतं की आता चालायचं नाही. 'गुंडा बंद होत आहे' असं पत्र मुंगीनं लिहिलं, आपला होकार दिला आणि चहा ओतून घेतला. दिवस मंगळवार होता. तिला वाटलं होतं झिपरी वेळ लावेल, वाचेल, स्वल्पविरामावरून अडेल, निदान म्हणेल की गुरुवारपर्यंत तरी थांब. चहाचा कप ओठांपर्यंत जायच्या आत झिपरीचा होकार आला. इतक्या पटकन. जणू ती बोट ठेवूनच बसली होती. पत्र गेलं. पुढे दोन दिवसांत खोली रिकामी झाली, खुर्च्या वाटून घेतल्या, जिन्यात झिपरी म्हणाली, बोलू नंतर. हो, बोलू, मुंगी म्हणाली. त्या गुरुवारचं भांडण राहिलं ते राहिलंच. झिपरी दुसऱ्या गावी शाळेत चित्रकला शिकवायला गेली. आणि मुंगीच्या मनात तो पटकन आलेला होकार बोटात शिरलेल्या कुसळासारखा राहिला, दिसत नाही पण कुठेही हात लावला की टोचतो.

आता पुन्हा तेच. हा होकार आला नाही तर सोमवारी नोकरी अडणार. आणि आला, पटकन आला, एक शब्दही न बोलता आला, तर मग झालंच. गुरुवारची ती थरथर बंद, फोटो बंद, आणि दोघींना बांधणारी शेवटची गाठ एका बोटानं सुटली. मुंगी पडद्याकडे बघत बसली. तिला होकार हवाही होता आणि नकोही होता. ऊन फरशीवरून सरकत आईच्या पायांपाशी गेलं. गालिचा झटकणारे घरात गेले. पडदा म्हणत होता, 'दुसरीची वाट पाहत आहे.' एरवी कुठलंही काम मुंगीला चाटून पुसून संपवायची घाई. आज होकार न आलेल्या प्रत्येक मिनिटागणिक तिला हलकं वाटत होतं, आणि हे हलकं वाटणं तिला शोभत नाही असंही वाटत होतं. जेवणं झाली. होकार आला नाही. आईनं ओळ संपवली, सुया मांडीवर ठेवल्या आणि म्हणाली की आता तर काम आहे ना? मग कर की फोन.

खरंच, आता काम होतं. चार वर्षांत पहिल्यांदा देवानं, नाहीतर तपासनीस बाईंनी, एक भक्कम काम हातात दिलं होतं, आणि सकाळपासून ते तिच्या लक्षात आलं नव्हतं. तिनं नंबर लावला. पलीकडे लगेच उचलला गेला.

"सूचना बघितलीस का?" मुंगीनं विचारलं. कशी आहेस वगैरे राहूनच गेलं.

"सकाळीच बघितली."

"मग दाबलं का नाहीस?"

"गेल्या वेळी पटकन दाबलं, तर चार वर्षं गेली," झिपरी म्हणाली. "या वेळी म्हटलं, बसू दे तिला वाट बघत. फोन तरी करेल."

मुंगी उठून उभी राहिली, मग खाली बसली. मग तिनं ते विचारलं जे विचारायचं नाही असं तिनं ठरवलं होतं: तेव्हा इतक्या पटकन का दाबलंस? आणि झिपरीनं सांगितलं की मी ते पत्र वाचलंच नव्हतं. अजूनही वाचलेलं नाही. वाचलं असतं तर तिथेच भोकाड पसरलं असतं आणि लाँड्रीवाले काका वर आले असते. म्हणून डोळे मिटले आणि दाबलं. मुंगीला आपले मिटलेले डोळे आठवले, गुंड्याचं चित्र कचऱ्यात टाकतानाचे, आणि तिला एकदम हसू यायला लागलं. दोन शहाण्या बायका, एकाच आठवड्यात, एकाच गोष्टीपुढे डोळे मिटून बसलेल्या. पण झिपरीचं संपलं नव्हतं. तिच्या आवाजाला आता धार आली होती, ती जुनी, गुरुवारची.

"आणि तू मला दर गुरुवारी का छळतेस?"

"मी?"

"चार वाजले की फोन थरथरतो. भांडण, पंधरा मिनिटं. मी वर्गात असते, मुलं हसतात. मला वाटायचं, ही अजून वाजवतेय म्हणजे आता फोन करणार. आणि तू करायची नाहीस. दर आठवड्याला मी नव्यानं रागवायची."

मुंगीनं कपाळावर हात मारला. तिला माहीत होतं की ते कुणी वाजवत नाही, एका मेलेल्या कंपनीचं खातं आपोआप वाजवतं, प्रोग्राम तिचाच. पण झिपरीनं प्रोग्राम कधी लिहिले नव्हते. तिच्या लेखी वाजलं म्हणजे कुणीतरी वाजवलं, आणि ते कुणीतरी म्हणजे दुसरं कोण असणार? चार वर्षं दर गुरुवारी चार वाजता दोन गावांत दोन फोन एकाच वेळी थरथरत होते. एक बाई म्हणत होती, हे नुसतं यंत्र आहे. दुसरी म्हणत होती, ती आहे पण फोन करत नाही. मुंगीनं हे झिपरीला समजावून सांगितलं. मग पलीकडून एक बारीक आवाज आला, मग मोठा, आणि मग झिपरी तशी हसली जशी ती फरशीवर आडवी होऊन हसायची. मुंगी लॅपटॉप बाजूला ठेवून हसली. काय म्हणतेय ती, आईनं विचारलं, आणि उत्तराची वाट न पाहता हसायला लागली. मुंगीनं तिसऱ्या बाहीचे फोटो एकेक करून झिपरीला पाठवले, आणि प्रत्येक फोटोला पलीकडून तो आवाज आला ज्याशिवाय सकाळी हसणं अर्धं राहिलं होतं. कुत्र्याच्या फोटोला तर दोघी काही बोलूच शकल्या नाहीत. हे फोटो आधी आपल्याकडे उतरवून घे, झिपरी म्हणाली. बाकीचं जाऊ दे. मुंगीनं घेतले. मग नोकरीची बातमी सांगितली. झिपरीनं, जसं तिनं करायला हवं होतं अगदी तसं, आधी पगार न विचारता खिडकी आहे का ते विचारलं.

"दाबू?" शेवटी झिपरी म्हणाली.

"दाब."

"डोळे उघडे ठेवून दाबतेय हं."

पडद्यावरची ओळ क्षणभर तशीच राहिली, मग 'दोघींचा होकार मिळाला' असं आलं, मग पांढरं झालं, आणि मग त्या पानाच्या जागी 'पान सापडत नाही' एवढंच राहिलं. त्याखाली 'तुमची चूक नाही' असं लिहिलेलं नव्हतं. ते आता दुसऱ्या कुणाचं पान होतं. गेलं, मुंगी म्हणाली. गेलं, झिपरी म्हणाली. मागे शाळेच्या मैदानावर असावेत तसे मुलांचे आवाज येत होते, तिला कुठेतरी जायचं होतं. बोलू नंतर, ती म्हणाली. हो, बोलू, मुंगी म्हणाली, आणि फोन ठेवल्यावर तिच्या लक्षात आलं की चार वर्षांपूर्वी जिन्यात नेमके हेच शब्द होते.

त्या शब्दांची पाल मनात चुकचुकत राहिली. रविवारी तिनं दोनदा फोन हातात घेतला आणि खाली ठेवला. काम तर झालं होतं. पण आनंदही जाईना. भांडी घासताना तिला मधेच कुत्रा आठवायचा आणि ती एकटीच हसायची, आणि आता ते एकटीचं हसू वाटत नव्हतं. सोमवारी तपासनीस बाईंनी तिचा लॅपटॉप पुन्हा तपासला. त्या फोनवरच्यापेक्षा बुटक्या आणि मवाळ निघाल्या. स्वच्छ आहे, त्या म्हणाल्या. मग चष्म्यावरून बघत म्हणाल्या की एक विचारू का, गुंडा हे असलं नाव कुणी ठेवलं असेल? माझ्या मैत्रिणीनं, मुंगी म्हणाली. आवाज हलला, पण आता तिला त्याचं काही वाटलं नाही. बाईंनी सगळी हकीकत काढून घेतली, तिसऱ्या बाहीपर्यंत, आणि जेवणाच्या सुट्टीत ती साऱ्या विभागाला सांगितली.

गुरुवारी चार वाजता मीटिंग होती. लांब टेबल, औषधांच्या साठ्याचं काहीतरी, भिंतीवर मोठं घड्याळ. काटा चारवर आला तसा मुंगीचा हात सवयीनं खिशाकडे गेला. काही थरथरलं नाही. थरथरणार कसं? तिनंच तर मुळासकट काढलं होतं, आणि दोघींनी हो म्हटलं होतं. सुंभ गेला आणि पीळही गेला. तिनं हात टेबलावर ठेवला आणि साठ्याकडे लक्ष द्यायचा प्रयत्न केला. चार वर्षं ज्याला ती नुसतं यंत्र म्हणत आली त्याची ती दर गुरुवारी वाट बघत होती, हे तिला आत्ता कळलं. झिपरी शहाणी. तिनं निदान त्याला माणूस तरी मानलं होतं.

तेव्हा फोन वाजला. थरथरला नाही, खणखणीत वाजला, कारण चार वाजता आता काही येणारच नाही म्हणून तिनं त्याचा आवाज बंद केला नव्हता. सगळ्यांनी वळून बघितलं. मुंगीनं तो घाईनं खिशातून काढून टेबलावर धरला. टेबलाच्या पलीकडून तपासनीस बाईंनी पडद्यावरचं नाव वाचलं आणि जा, जा अशी मान हलवली. मुंगी कॉरिडॉरमध्ये आली. औषधांचा वास होता, लांब कुणीतरी चाकांची खुर्ची ढकलत नेत होतं, आणि खिडकी होती, चांगली मोठी, सहज उघडणारी.

"काय गं, काय काम होतं?" सवयीनं तिच्या तोंडून गेलं.

"काम काही नाही," झिपरी म्हणाली. "गुरुवार आहे."

मुंगी खिडकीखालच्या बाकावर बसली. मग चपला काढून तिनं पाय वर घेतले आणि नीट मांडी घातली, पंधरा मिनिटं बसायचं तर तशी. तिच्या डोळ्यांत पाणी आलं होतं आणि ती हसत होती.

"बरं," ती म्हणाली, "तू सुरुवात कर. मागच्या वेळी मी केली होती."

"काही काय," झिपरी म्हणाली. "मागच्या वेळी मीच केली होती."

"खोटं."

"तू खोटं."